लेखांक ९ : पुस्तकातले हंस कुठे आहेत?

माओच्या चरित्राकडे आज वळू, असं मागच्या आठवड्यात म्हणालो होतो. ते आता पुढच्या आठवड्यात. कारण एका वाचक बाईंचं पत्र आलंय. त्या विचारतात, ‘‘वाइल्ड स्वान्स’ शेवटपर्यंत वाचलं, पण त्यात हंस काही दिसले नाहीत. मग पुस्तकाला हे नाव का?’ हा माझा वर्षानुवर्षांचा आवडता विषय, त्यामुळे राहवत नाही.

हंस आहेत, ते माणसांच्या नावांत. लेखिका युंग चांगच्या आईचं नाव द-हुंग. आजीने डॉक्टर शिआंशी लग्न केलं, तेव्हा त्यांनी या सावत्र लेकीला आपलं आडनाव दिलं आणि हे नावही. ‘द’ म्हणजे सद्गुण, ‘हुंग’ म्हणजे रानहंस. ‘हुंग’ हे चिनी अक्षर लिहून पाहण्यासारखं आहे: डावीकडे नदी, उजवीकडे पक्षी. खरं तर तो रानातला मोठा कलहंस. पण मानसरोवराकडे उडणारा आपल्या काव्यातला हंसही बहुधा त्याच कुळीचा, तेव्हा आपल्याला तो परका वाटू नये.

युंग १९५२ साली सिच्वानमधल्या यीबिनला जन्मली. नाव ठेवलं अर-हुंग, म्हणजे दुसरी हंसी. बारा वर्षांची असताना वर्गात राजकारणाच्या शिक्षकांनी बजावलं की आपला देश लालभडक होता तो फिका लाल होऊ शकतो, सावध राहा. सिच्वानी बोलीत ‘फिका लाल’चा उच्चारही अर-हुंगच! वर्गात खसखस पिकली. पोरीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. संध्याकाळी तिने वडिलांकडे हट्ट धरला, नाव बदला, आणि नव्या नावाला लष्करी धार हवी. मैत्रिणीही तशीच नावं घेत होत्या.

वडील निष्ठावंत कम्युनिस्ट, प्रांताच्या प्रचारखात्यातले मोठे अधिकारी. पण जुन्या वाङ्मयात मुरलेला माणूस. त्यांनी शब्द काढून दिला ‘युंग’: युद्धकर्म. अर्थ लष्करी खरा, पण अक्षर अगदी पुराणं, अभिजात कवितेत आणि मोजक्या जुन्या वाक्प्रयोगांत उरलेलं. गोंडे लावलेले भाले, खिंकाळणारे घोडे असं काही त्यातून डोळ्यांपुढे यावं. शाळेत काही शिक्षकांनाही ते वाचता येईना.

दोनच वर्षांनी, १८ ऑगस्ट १९६६ रोजी, तियानानमेनवर सुंग बिनबिन या विद्यार्थिनीने माओच्या दंडावर लाल पट्टी बांधली. ‘बिनबिन’ म्हणजे सौम्य, सुसंस्कृत. माओने ते ऐकून म्हटलं, लढाऊ व्हायला हवं. वर्तमानपत्रांत मग तिचं नाव ‘याओवू’ असं छापून आलं. त्याचा अर्थच ‘लढाऊ हो’. दोन्ही मुलींची नावं एकाच वाऱ्याने बदलली. एकीला नवं नाव सत्तेकडून मिळालं, दुसरीला बापाच्या पुस्तकांच्या कपाटातून.

ते कपाट फार दिवस टिकलं नाही. सांस्कृतिक क्रांतीत घरावर धाड आली. त्यानंतर एके दिवशी युंगने पाहिलं, वडील स्वतःच्या हातांनी आपली पुस्तकं सिमेंटच्या मोरीत जाळत होते आणि रडत होते. तिने त्यांना रडताना त्याआधी कधी पाहिलं नव्हतं. तिच्या नावाचं अक्षर ज्या जगातून आलं, त्या जगाची राख होत होती. वडील १९७५ साली गेले. पुस्तक निघालं १९९१ साली, त्यांनी ते पाहिलं नाही.

म्हणूनच मी या पुस्तकाची तैवानमधली चिनी आवृत्ती हातात घेतो, तेव्हा मुखपृष्ठावरच रेंगाळतो. अनुवाद युंगच्या भावाचा. मथळा एकाच अक्षराचा: ‘हुंग’, नदी आणि पक्षी. आणि लेखिकेच्या नावात वडिलांनी दिलेलं ते जुनं अक्षर. शाळेत ज्या नावाला पोरं हसली, ते मथळ्यावर परत आलंय. आणि जे शिक्षकांनाही वाचता आलं नव्हतं, ते जगभर वाचलं जातंय.

बाई, हंस मुखपृष्ठावर आहेत. माओ पुढच्या आठवड्यात, नक्की.