विश्लेषण : ‘रॉक मशीन’चे ‘इंडस क्रीड’ का झाले? मुंबईच्या रॉक बँडची चार अल्बमची कहाणी

यवतमाळमध्ये ‘बँड’ म्हटले की आधी आठवते ती लग्नाची वरात. लोकांनी आधीच ऐकलेली गाणी वाजवायची, फर्माईश आली की पुरी करायची, हा त्या बँडचा धर्म. मुंबईत १९८४ मध्ये सुरू झालेल्या ‘रॉक मशीन’ची सुरुवातही काहीशी अशीच होती. फरक एवढाच, की फर्माईश इंग्लंड-अमेरिकेतल्या गाण्यांची असे आणि वरातीच्या जागी कॉलेजचे महोत्सव असत.

त्या काळी भारतातले बहुतेक रॉक बँड परक्यांची गाणी हुबेहूब वाजवण्यातच धन्यता मानत. जेवढी नक्कल चोख, तेवढ्या टाळ्या. स्वतः रचलेले गाणे सुरू केले की श्रोते चुळबुळ करू लागत. ‘रॉक मशीन’ने हा धोका पत्करला. १९८८ मध्ये त्यांचा ‘रॉक एन रोल रेनिगेड’ हा स्वतःच्या गाण्यांचा अल्बम आला आणि १९९० मध्ये ‘द सेकंड कमिंग’. गायक उदय बेनेगल, गिटारवर महेश तिनईकर आणि जयेश गांधी, बासवर मार्क सेल्विन, कीबोर्डवर झुबिन बालापोरिया ही नावे महाविद्यालयीन तरुणांना पाठ झाली.

गाणी स्वतःची होती, पण ती कुठली होती? मुंबईची, की लॉस एंजेलिसची?

‘सदर्न रॉक’ने काय केले होते?

इथे थोडे अमेरिकेत डोकावायला हवे. तिथल्या दक्षिणेकडच्या राज्यांतून सत्तरच्या दशकात रॉकची एक वेगळी शाखा पुढे आली. ब्लूज आणि ग्रामीण ‘कंट्री’ संगीत मिसळलेला हा ‘सदर्न रॉक’. ‘ऑलमन ब्रदर्स बँड’ आणि ‘लिनर्ड स्किनर्ड’ ही त्यातली मोठी नावे. दोन्ही बँड फ्लोरिडातल्या जॅक्सनव्हिल शहरातले. ‘लिनर्ड स्किनर्ड’ हे नावही गावातलेच. मुलांनी लांब केस ठेवू नयेत म्हणून मागे लागणारे शाळेतले व्यायामशिक्षक लेनर्ड स्किनर यांच्या नावाची ती खोडसाळ मोडतोड. १९७३ मध्ये पहिला अल्बम आला आणि १९७४ च्या ‘स्वीट होम अलाबामा’ने त्यांना घरोघर पोहोचवले.

म्हणजे गाण्यात गावाचा पत्ता होता, आणि तोच विकला गेला. अर्थात मातीचा हा अभिमान निर्धोक नव्हता. गुलामगिरीच्या बाजूने लढलेल्या दक्षिणी राज्यांचा झेंडा हा बँड मंचावर मिरवत असे आणि त्यावरून अनेक वर्षे वाद होत राहिला.

‘रॉक मशीन’ची अडचण नेमकी उलटी होती. नाव असे, की बँड जगात कुठलाही असू शकला असता. १९९३ मध्ये त्यांनी ते बदलून ‘इंडस क्रीड’ केले. इंडस म्हणजे सिंधू. नऊ वर्षांनी का होईना, नावात पत्ता आला. हीच वेळ केबल टीव्हीची होती. १९९१ नंतर ‘स्टार’सोबत ‘एमटीव्ही’ घरात शिरले होते आणि ‘प्रिटी चाइल्ड’ या गाण्याच्या व्हिडिओमुळे हा बँड देशाबाहेरही दिसू लागला. ‘एमटीव्ही’चा प्रेक्षकपसंतीचा पुरस्कारही त्यांना मिळाला. ‘इंडस क्रीड’ याच नावाचा अल्बम १९९५ मध्ये आला.

मग १९९७ मध्ये बँड का थांबला?

१९९५ हेच अलिशा चिनॉयच्या ‘मेड इन इंडिया’चे वर्ष. पुढच्याच वर्षी लकी अलीचा ‘सुनोह’ आला. टीव्हीला आता हिंदी पॉप हवे होते, कंपन्यांनाही. नाव सिंधूचे घेतले तरी ‘इंडस क्रीड’चे शब्द इंग्रजीच राहिले आणि ऐकणारा वर्ग महानगरांपुरता उरला. हे माझे वाचन. पण १९९८ मध्ये दिल्लीच्या ‘युफोरिया’ने रॉक हिंदीत आणला तेव्हा तो छोट्या शहरांतही वाजला, हे विसरता येत नाही. पुढे मुंबईत धोबीतलावजवळचे ‘रंगभवन’ही शांतता क्षेत्राच्या नियमामुळे रॉक मैफलींना बंद झाले. मुंबईच्या रॉकचे ते खुले घरच होते.

बेनेगल आणि जयेश गांधी न्यूयॉर्कला गेले. तिथे त्यांनी ‘आम्स फॉर शांती’ हा बँड केला.

तेरा वर्षांनी, २०१० मध्ये, बेनेगल, तिनईकर आणि बालापोरिया पुन्हा एकत्र आले. बासवर रुशाद मिस्त्री आणि ड्रम्सवर जय रो कवी हे नवे सहकारी होते. २०१२ मध्ये ‘इव्हॉल्व्ह’ आला. त्याचे मिक्सिंग टिम पामर यांनी केले. ‘पर्ल जॅम’चा गाजलेला ‘टेन’ त्यांनीच मिक्स केला होता.

‘लिनर्ड स्किनर्ड’चीही अशीच एक फट आहे, पण ती फार क्रूर. २० ऑक्टोबर १९७७ च्या विमान अपघातात गायक रॉनी व्हॅन झँट, गिटारवादक स्टीव्ह गेन्स आणि त्याची गायिका बहीण कॅसी गेले. दहा वर्षांनी रॉनीचा धाकटा भाऊ जॉनी गायला उभा राहिला. मार्च २०२३ मध्ये संस्थापकांपैकी उरलेले शेवटचे गॅरी रॉसिंग्टनही गेले, तरी बँड चालूच राहिला. तिथे जुनी रॉक गाणी दिवसभर वाजवणारी रेडिओ केंद्रे आहेत, पन्नास वर्षांपूर्वीचे गाणे ऐकायला तिकीट काढणारे आजोबा आणि नातू आहेत. आपल्याकडच्या एफएमवर सिनेमाबाहेरच्या गाण्याला जागा मिळणेच मुश्कील. पहिल्या अल्बमपासून शेवटच्यापर्यंत चोवीस वर्षांत अल्बम फक्त चार, त्याचे कारण इथेही शोधावे लागते.

ऐकायचे असेल तर ‘प्रिटी चाइल्ड’पासून सुरुवात करा, मग ‘इव्हॉल्व्ह’कडे जा. कॅसेटच्या काळातले पहिले दोन अल्बम शेवटी. त्यांत अमेरिकेची नक्कल जागोजागी ऐकू येते, पण तिनईकरांची गिटार तेव्हाही स्वतःचेच बोलत होती.