रीळ जपले तरच इतिहास दिसेल

६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. दुसऱ्या दिवशी मुंबईत निघालेली अंत्ययात्रा आज आपण पडद्यावर पाहतो, ती नामदेव व्हटकर यांच्यामुळे. त्यांनी पदरमोड करून तिचे चित्रण केले. त्या दिवशी किती जनसागर लोटला होता, हे आता कुणाला पटवून द्यावे लागत नाही; ते दाखवता येते.

आमच्या येडशीशेजारच्या कसबे तडवळ्यात २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ रोजी महार-मांग वतनदार परिषद भरली. परिषदेला स्वतः बाबासाहेब आले होते. त्या दोन दिवसांच्या आठवणी आम्ही वडीलधाऱ्यांच्या तोंडून ऐकल्या. सांगणारी पिढी गेली की ऐकीव आठवण विरळ होते. म्हणून चित्रणाचे मोल मोठे.

पण चित्रण झाले म्हणजे ते टिकलेच असे नाही. १९५० च्या सुमारापर्यंत वापरातली नायट्रेट फिल्म चटकन पेट घेते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या गोदामाला आग लागून अशी अनेक जुनी रिळे जळाली. नंतरची ॲसिटेट फिल्म सहजासहजी पेट घेत नाही, पण दमट उष्ण हवेत सडते. तिला व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो आणि ती आक्रसते. म्हणूनच १९६४ साली पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या ठिकाणी रिळे थंड, कोरड्या खोल्यांत ठेवतात.

आपल्या घरांत रिळे नसतील, पण व्हिडिओ कॅसेट आहेत. नामांतराचे मोर्चे, भीमजयंतीच्या मिरवणुका, धम्मदीक्षेचे सोहळे, विहाराचे उद्घाटन. या कॅसेटना बुरशी लागते, आणि त्या चालवणारी यंत्रे दुर्मिळ होत चालली आहेत.

तेव्हा एवढे करू या. बुरशी दिसली तर कॅसेट चालवून पाहू नये, जाणकाराकडून साफ करून घ्यावी. डिजिटल प्रत काढल्यावरही मूळ कॅसेट फेकू नये. प्रती तीन ठेवाव्यात, त्यातली एक गावाबाहेर. व्हॉट्सॲपवर फिरणारी फीत ही जतन केलेली प्रत नव्हे. पाठवताना तिचा दर्जा उतरतो आणि तारीख, ठिकाण हरवते.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे नोंद. केव्हा, कुठे, कोणी चित्रण केले आणि चित्रात कोण आहे, हे लिहिले नाही तर चित्र मुके राहते. मोर्चात पुढे चालणाऱ्या आपल्या आया-बहिणींची नावे तर पत्रकांतही क्वचितच छापली गेली. ती सांगू शकणारी माणसे आज आपल्यात आहेत.

येत्या वर्षावासात ग्रंथवाचन झाल्यावर एक संध्याकाळ यासाठी ठेवू या. विहारात जुनी चित्रणे लावायची, ज्येष्ठांना समोर बसवायचे आणि ते सांगतील ती नावे वहीत उतरवायची. जय भीम!