टाळ्या वाजवणारे कुठे जातात?

आपल्या बुलढाणा जिल्ह्यात भीमजयंतीला शाहिराच्या डफावर थाप पडली की टाळ्यांचा कडकडाट होतो. पण गाण्यापायी शाहीर गजाआड गेला, की टाळ्या वाजवणारे कुठे जातात?

‘कबीर कला मंच’चा प्रवास पाहा. गुजरात दंगलीनंतर २००२ मध्ये पुण्यातल्या तरुणांनी तो उभा केला. जातीविरुद्ध, खैरलांजीविरुद्ध तो वस्त्यावस्त्यांत गायला. २०११ मध्ये माओवादी संबंधांच्या आरोपाखाली अटका झाल्या. काही शाहीर भूमिगत झाले. शीतल साठे व सचिन माळी २ एप्रिल २०१३ रोजी विधानभवनासमोर हजर झाले. ही शरणागती नव्हे, सत्याग्रह आहे, असे त्यांनी बजावले. गरोदर शीतल साठे यांना त्याच जूनमध्ये जामीन मिळाला. माळी, सागर गोरखे व रमेश गायचोर यांच्या जामिनाला २०१७ उजाडले. सप्टेंबर २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात गोरखे, गायचोर पुन्हा आणि ज्योती जगतापही तुरुंगात गेल्या.

निकालाआधीच उमेदीची वर्षे कोठडीत जातात, ही शिक्षा नव्हे काय? संविधानाचे १९ वे कलम आपण भाषणात सांगतो. मग डीजेवर हजारो उधळणाऱ्या मंडळांनी शाहिरांच्या वकिलासाठी किती वर्गणी काढली? बंधूंनो, येत्या १४ एप्रिलला हा हिशेब मांडा. जयभीम!