डिस्चार्ज कार्डवरचा ‘एम ४८.०’ : मणक्याची नळी अरुंद होणे आणि आजाराचा कोड

समजा, वीर गावातले पासष्टीचे एक शेतकरी काका आहेत. भातलावणीत वाकून काम करताना त्यांना फारसा त्रास होत नाही. पण घरून वीर स्टेशनपर्यंत चालायचे म्हटले की पोटऱ्या भरून येतात, पाय जड होतात. पुढे वाकून थोडा वेळ बसले की बरे वाटते. महाडला दाखवून झाल्यावर मुंबईत एमआरआय होतो आणि ऑपरेशन ठरते. मग विमा कंपनीकडून प्रश्न येतो: “निदान कंबरदुखीचे आहे, मग मणक्याचे ऑपरेशन कशासाठी?” कारण अर्जात कोड लिहिला गेला आहे एम ५४.५, म्हणजे नुसती कंबरदुखी.

हा आजार काय आहे?

पाठीच्या मणक्यांमधून एक नळी जाते. तिच्यात मज्जारज्जू असतो आणि कमरेच्या भागात पायांकडे जाणाऱ्या नसा असतात. वयानुसार चकती फुगते, सांध्यांची हाडे वाढतात, आतला पडदा जाड होतो आणि नळी अरुंद होते. यालाच स्पायनल स्टेनोसिस म्हणतात. उभे राहिल्यावर व चालताना जागा आणखी कमी होते, पुढे वाकल्यावर ती थोडी वाढते. म्हणूनच काकांना लावणी जमते, पण चालणे जमत नाही.

कोड कशासाठी?

जागतिक आरोग्य संघटनेने प्रत्येक आजाराला एक कोड दिला आहे. या यादीच्या दहाव्या आवृत्तीला आयसीडी-१० म्हणतात. विम्याच्या दाव्याच्या अर्जाचा जो भाग रुग्णालय भरते, त्यात या कोडसाठी रकाना असतो. स्पायनल स्टेनोसिसचा कोड आहे एम ४८.०. त्यापुढचा आकडा जागा सांगतो:

- एम ४८.०२ : मान
- एम ४८.०४ : छातीमागचा भाग
- एम ४८.०६ : कंबर
- एम ४८.०९ : जागा नमूद नाही

मान आणि कंबर यांतला फरक महत्त्वाचा आहे. मानेत मज्जारज्जूवरच दाब येऊ शकतो. तेव्हा हातातून वस्तू निसटणे, शर्टाची बटणे लावता न येणे, चालताना तोल जाणे अशी लक्षणे दिसतात.

कोड काय सांगत नाही?

आजार किती तीव्र आहे आणि ऑपरेशन लागेल का, हे एम ४८.० वरून कळत नाही. एमआरआयमध्ये नळी अरुंद दिसूनही काहीच त्रास नसलेली माणसे पुष्कळ असतात. बऱ्याच रुग्णांना व्यायाम, फिजिओथेरपी आणि औषधांनी आराम पडतो. त्यामुळे कार्डवर हा कोड दिसला म्हणून घाबरू नका.

चालताना पाय भरून येतात की नाही, यासाठी अमेरिकेतल्या आवृत्तीत ऑक्टोबर २०१७ पासून वेगळे कोड आहेत: एम ४८.०६१ म्हणजे तो त्रास नाही, एम ४८.०६२ म्हणजे आहे. मुलांकडे तिकडे गेलेल्या आईवडिलांच्या कागदांवर हे दिसू शकतात. जागतिक संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये हा फरक नाही. म्हणून आपल्याकडे डॉक्टरांनी लिहिलेले वाक्यच जास्त मोलाचे ठरते.

रुग्णालयातून निघण्यापूर्वी काय तपासावे?

1. निदानात ‘कंबरदुखी’ एवढेच न लिहिता आजाराचे नाव आणि जागा लिहिली आहे का?
2. किती चालल्यावर थांबावे लागते, त्रास किती महिन्यांचा आहे, आधी कोणते उपचार झाले, हे नोंदले आहे का?
3. एमआरआयचा रिपोर्ट, डिस्चार्ज कार्ड आणि दाव्याचा अर्ज यांत निदान एकच आहे का?

चूक आढळली तर डॉक्टरांकडून लेखी दुरुस्ती करून घ्या. स्वतः खाडाखोड करू नका. दावा मंजूर व्हावा म्हणून ‘अपघात’ लिहा किंवा त्रासाचा काळ कमी दाखवा, असेही सांगू नका. अनेक पॉलिसींत मणक्याच्या आजारांसाठी प्रतीक्षा काळ असतो. तो आधी वाचून घ्या.

महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजनेत उपचारांची पॅकेजेस ठरलेली असतात आणि त्यांचे कोड वेगळे असतात. त्याबद्दल रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला विचारा.

कागदांसाठी थांबू नका

लघवी अडणे किंवा नकळत होणे, शौचावरचा ताबा जाणे, जांघेत व बसण्याच्या जागी बधिरपणा येणे, पायातली ताकद झपाट्याने कमी होणे, यांपैकी काहीही झाले तर त्याच दिवशी मोठे रुग्णालय गाठा. अशा वेळी उशीर झाल्यास नसांचे नुकसान कायमचे राहू शकते. कोड नंतरही दुरुस्त करता येतो.