पिसाआडचा अबोला

हिंदी पडद्यावरचा सर्वांत उत्कट प्रणयप्रसंग कोणता, हा वाद निघाला की माझं मत ठरलेलं असतं. ‘मुघल-ए-आझम’मध्ये रात्रीच्या बागेत सलीम अनारकलीच्या चेहऱ्यावरून पीस फिरवतो, तोच. दोघं बोलत नाहीत. लांबून तानसेनाचं गाणं ऐकू येत राहतं.

या प्रसंगाचं चित्रीकरण झालं तेव्हा दिलीपकुमार आणि मधुबाला यांच्यात अबोला होता. अगदी सलाम-दुआही बंद झाली होती, असं दिलीपकुमारांनीच आत्मचरित्रात लिहून ठेवलंय. एकेकाळी लग्नाच्या गोष्टी झालेलं हे जोडपं. पण बी. आर. चोप्रांच्या ‘नया दौर’साठी भोपाळकडे आऊटडोअरला जायचं ठरलं आणि मधुबालाच्या वडिलांनी तिला पाठवायला नकार दिला. तिच्या जागी वैजयंतीमाला आली, प्रकरण कोर्टात गेलं आणि दिलीपकुमारांनी साक्ष दिली ती चोप्रांच्या बाजूने.

एवढं झाल्यावर हे दोघं ‘मुघल-ए-आझम’चे दिग्दर्शक के. आसिफच्या कॅमेऱ्यासमोर प्रियकर-प्रेयसी म्हणून उभे राहिले! आज कलाकारांच्या खऱ्याखोट्या प्रेमाच्या बातम्या पेरून सिनेमे आणि मालिका विकतात, ‘केमिस्ट्री’ जुळली म्हणतात, तेव्हा मला मनापासून राग येतो. त्यात नटांची मेहनत पुसली जाते. मधुबालाच्या जड होत जाणाऱ्या पापण्या, किंचित विलग झालेले ओठ, हे सगळं तिचं काम होतं. आर. डी. माथुर यांचा कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर थबकतो. नेमक्या क्षणी पीस आडवं येतं आणि पुढचं प्रेक्षकाने मनात पूर्ण करायचं.

उरलेलं काम गाण्याने केलं. बडे गुलाम अली खाँसाहेबांना सिनेमात गायचं नव्हतं. आसिफने नाद सोडावा म्हणून त्यांनी गाण्याचे 25,000 रुपये मागितले, असं सांगतात. त्या काळी नावाजलेल्या पार्श्वगायकांनाही हजाराच्या आत मिळायचे. आसिफने लगेच होकार दिला आणि खाँसाहेबांचा सोहनी राग त्या बागेत आला.

मधुबालाच्या हृदयाला जन्मतःच छिद्र होतं. तरी कैदेच्या प्रसंगांत तिने खऱ्या लोखंडी साखळ्या अंगावर वागवल्या. 5 ऑगस्ट 1960 रोजी मुंबईच्या ‘मराठा मंदिर’मध्ये सिनेमा झळकला, देशभर गर्दी लोटली. त्या वर्षीचं अभिनेत्रीचं फिल्मफेअर मात्र ‘घूँघट’साठी बीना रायना मिळालं. मधुबालाच्या वाट्याला फक्त नामांकन आलं, आणि हा निकाल मला आजही पटत नाही.