जननिक अभियांत्रिकीविषयक विज्ञान-भयपट

जननिक अभियांत्रिकीविषयक विज्ञान-भयपट : सजीवांच्या आनुवंशिक द्रव्यात मनुष्याने बुद्धिपुरस्सर केलेल्या फेरफारांतून ओढवणाऱ्या संकटाचे चित्रण करून प्रेक्षकांच्या मनात भीती व किळस उत्पन्न करणारा चित्रपटप्रकार. विज्ञानकथा व भयकथा या दोन प्रवाहांच्या संगमावर तो उभा आहे. भुताखेतांच्या चित्रपटांत संकटाचे मूळ अतिमानवी शक्तीत असते. या प्रकारात ते प्रयोगशाळेत, म्हणजेच मनुष्याच्या ज्ञानलालसेत, धनलोभात आणि पुष्कळदा त्याच्या परोपकारबुद्धीतही असते. या प्रकाराचा विकास मुख्यत्वे अमेरिका, ब्रिटन व कॅनडा या देशांत झाला.

पूर्वपीठिका : या चित्रपटांची बीजे एकोणिसाव्या शतकातील दोन इंग्रजी कादंबऱ्यांत आढळतात. मेरी शेलीच्या फ्रँकेन्स्टाइन (१८१८) या कादंबरीत एक तरुण संशोधक निर्जीव देहात प्राण ओततो आणि आपल्याच निर्मितीकडे पाठ फिरवतो. एच. जी. वेल्सच्या द आयलंड ऑफ डॉक्टर मोरो (१८९६) या कादंबरीतील शास्त्रज्ञ एकांत बेटावर पशूंवर शस्त्रक्रिया करून त्यांना मनुष्यरूप देऊ पाहतो. पहिल्या कथेवरून जेम्स व्हेल याने १९३१ मध्ये, तर दुसरीवरून अर्ल सी. केंटन याने १९३२ मध्ये आयलंड ऑफ लॉस्ट सोल्स या नावाने चित्रपट काढला. दुसऱ्या चित्रपटावर ब्रिटनमध्ये अभ्यवेक्षकांनी बंदी घातली व १९५८ पर्यंत तेथे त्यास परवानगी मिळाली नाही.

मोरोच्या कथेची पुढील रूपांतरे विज्ञानाच्या प्रगतीची निदर्शक आहेत. मूळ कादंबरीत मोरोचे साधन शस्त्रक्रियेची सुरी हे आहे. १९७७ च्या चित्रपटात तिची जागा शरीरात टोचावयाच्या द्रवाने घेतली, तर १९९६ च्या रूपांतरात प्राण्यांच्या आनुवंशिक द्रव्यात मानवी जीन मिसळले जातात. कथा तीच राहिली. तिच्यातील भीतीचे हत्यार मात्र काळानुरूप बदलले.

विकास : जेम्स वॉटसन व फ्रान्सिस क्रिक यांनी १९५३ मध्ये डीएनए रेणूची दुहेरी सर्पिल संरचना मांडली आणि १९७३ मध्ये स्टॅन्ली कोएन व हर्बर्ट बॉयर यांनी डीएनएचे तुकडे जोडून ते जीवाणूंत वाढविण्याची पद्धती सिद्ध केली. या नव्या तंत्रातील धोक्यांचा विचार करण्यासाठी फेब्रुवारी १९७५ मध्ये कॅलिफोर्नियातील ॲसिलोमार येथे सु. १४० तज्ज्ञांची परिषद भरली. पुढील वर्षी मॅसॅचूसेट्स राज्यातील केंब्रिज येथील नगरपरिषदेने अशा काही प्रयोगांना तात्पुरती स्थगिती दिली. भीती अशा रीतीने केवळ कादंबरीकारांपुरती राहिली नव्हती. तिच्यावर नागरी सभागृहात चर्चा होऊ लागली होती.

याच काळात आयरा लेव्हिन याच्या कादंबरीवरील द बॉइज फ्रॉम ब्राझील (१९७८) हा चित्रपट आला. नाझी डॉक्टर मेंगेले हिटलरच्या ९४ जननिक प्रतिकृती जन्माला घालतो, अशी ही कथा आहे. केवळ समान जीन पुरेसे नाहीत, हे हा चित्रपट स्वतःच मान्य करतो. कारण मुलांचे संगोपनही हिटलरच्या बालपणासारखे व्हावे, म्हणून त्यांच्या दत्तक पित्यांना ठराविक वयात ठार मारण्याचा कट त्यात रचलेला आहे.

कॅनडाचा दिग्दर्शक डेव्हिड क्रोननबर्ग याचा द फ्लाय (१९८६) हा या प्रकारातील एक श्रेष्ठ चित्रपट समजला जातो. याच कथेवरील १९५८ च्या चित्रपटात पदार्थाचे दूरप्रेषण करणाऱ्या यंत्रात माशी शिरल्यामुळे शास्त्रज्ञाचे डोके व एक हात यांची तिच्याशी अदलाबदल होते. क्रोननबर्गच्या चित्रपटात मात्र यंत्राचा संगणक दोघांचे आनुवंशिक द्रव्यच एकरूप करून टाकतो. नायक प्रथम अधिक बलवान होतो, मग त्याची नखे व दात गळतात आणि हळूहळू त्याचे मनुष्यत्व लोपते. जुन्या भयपटातील राक्षस शिवणीने जोडलेला असे. येथे शिवण कोठेच दिसत नाही, बदल आतून होतो. रेणवीय जीवविज्ञानाने भयपटाला दिलेली ही सर्वांत मोठी देणगी होय. या चित्रपटास रंगभूषेचे ऑस्कर पारितोषिक मिळाले.

मानवी जीनसमुच्चय प्रकल्पाच्या (१९९०–२००३) काळात या चित्रपटांची संख्या बरीच वाढली. मायकेल क्राइटनच्या कादंबरीवरून स्टीव्हन स्पिलबर्गने काढलेला जुरासिक पार्क (१९९३) हा त्यांपैकी सर्वांत लोकप्रिय ठरला. १९९४ मध्ये भारतात तो हिंदी भाषेतही प्रदर्शित झाला. स्पीशीज (१९९५) मध्ये परग्रहावरून आलेल्या सूत्रानुसार मानवी डीएनएशी संकर करून घडविलेली तरुणी प्रयोगशाळेतून निसटते. गिएर्मो देल तोरो याच्या मिमिक (१९९७) मध्ये बालकांना ग्रासणाऱ्या रोगाचा प्रसार करणारी झुरळे नष्ट करण्यासाठी नवा कीटक निर्माण केला जातो. तो अल्पावधीत निर्वंश व्हावा अशी योजना असते. प्रत्यक्षात तो न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेत वाढून मनुष्याकृतीचे अनुकरण करू लागतो. डीप ब्लू सी (१९९९) मध्ये स्मृतिभ्रंशावरील औषधासाठी शार्क माशांचे मेंदू मोठे केले जातात व ते मासे संशोधकांवरच उलटतात.

एकविसाव्या शतकातील व्हिन्चेन्झो नाताली याचा स्प्लाइस (२००९) हा चित्रपट विशेष उल्लेखनीय आहे. औषधनिर्मितीसाठी संकरित जीव घडविणारे एक जोडपे चोरून त्यात मानवी डीएनए मिसळते व जन्मलेल्या जीवाला अपत्याप्रमाणे वाढविते. प्रयोगाची वस्तू आणि अपत्य यांतील सीमारेषा पुसली जाणे, हेच येथील भयाचे कारण आहे. दोन्ही शास्त्रज्ञांची नावे फ्रँकेन्स्टाइन चित्रपटमालिकेतील कलावंतांवरून ठेवलेली असून त्यांतून परंपरेचे ऋण सूचित होते.

कथारचना : या चित्रपटांच्या कथा बहुधा एकाच साच्यातील असतात. प्रयोगामागील हेतू प्रथमतः सद्‌हेतू असतो. संस्थेचा वा भांडवलदाराचा दबाव येतो. नियम डावलले जातात. निर्मिती अपेक्षेपेक्षा अधिक वेगाने वाढते आणि अखेरीस बंदिस्त जागेत—बेट, भुयार वा समुद्रातील तळ येथे—तिचा व निर्मात्याचा सामना होतो. धोक्याची सूचना देणारे एक पात्र असते, परंतु त्याचे कोणी ऐकत नाही. निर्मितीला वंध्य ठेवण्याची वा परावलंबी करण्याची युक्ती फसणे, ही तर जवळजवळ अटळ घटना असते.

वैज्ञानिक सत्यासत्यता : या चित्रपटांतील विज्ञान बहुतांशी कल्पित असते. प्रौढ देहाचे रूप जीन बदलताच काही दिवसांत पालटणे शक्य नसते, कारण अवयवांची घडण भ्रूणावस्थेत क्रमाक्रमाने होते. बुद्धी वा क्रौर्य यांसारखे गुण एखाद्या जीनवर अवलंबून नसतात. अनेक जीन व परिस्थिती यांच्या परस्परक्रियेतून ते घडतात. डायनोसॉरांच्या पुनरुज्जीवनाची कल्पनाही टिकत नाही. मोआ या नामशेष पक्ष्याच्या हाडांवरून २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात, त्या परिस्थितीत डीएनएचा अर्धायुकाल सु. ५२१ वर्षे आढळला. डायनोसॉर तर सु. ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी नष्ट झाले.

तथापि चित्रपटांनी विचारलेले प्रश्न सर्वस्वी काल्पनिक नाहीत. मिमिकमधील योजनेशी साम्य असणारा, मादी संतती जगू न देणारा जीन घातलेल्या डासांचा प्रयोग अमेरिकेतील फ्लॉरिडा राज्यात २०२१ मध्ये सुरू झाला. त्यातून संकट उद्‌भवले नाही, मात्र परवानगी देण्यापूर्वी स्थानिक रहिवाशांत दीर्घकाळ वाद झाला. मानव व माकड यांच्या पेशी असलेले भ्रूण प्रयोगशाळेत काही दिवस वाढविल्याचे त्याच वर्षी प्रसिद्ध झाले. तत्पूर्वी नोव्हेंबर २०१८ मध्ये हे ज्यान्क्वेई या चिनी संशोधकाने जीनसंपादन केलेल्या जुळ्या मुलींचा जन्म जाहीर केला होता. जगभरच्या तज्ज्ञांनी त्याचा निषेध केला व २०१९ मध्ये त्यास तीन वर्षांच्या कारावासाची शिक्षा झाली. येथे कोणताही राक्षस जन्मला नाही. दोष होता तो संमती, सुरक्षितता व जबाबदारी यांच्या उपेक्षेचा. चित्रपट ज्याला क्वचितच महत्त्व देतात, तो खरा धोका हाच होय.

सामाजिक परिणाम : लोकमतावर या प्रतिमांचा ठसा उमटला आहे. जननिक परिवर्तित अन्नासाठी ‘फ्रँकेनफूड’ हा शब्द १९९२ मध्ये अमेरिकेत प्रचारात आला व पुढे अनेक देशांतील वादांत वापरला गेला. भारतात बीटी कापसास २००२ मध्ये परवानगी मिळाली, तर बीटी वांग्यास २०१० मध्ये स्थगिती देण्यात आली. अशा प्रश्नांचा निर्णय बियाण्याची किंमत, उत्पन्न, आरोग्य व पर्यावरण यांवरील पुराव्याने व्हावयास हवा. पडद्यावरील प्रतिमा सावधगिरी शिकवू शकते, परंतु पुराव्याची जागा घेऊ शकत नाही.

भारतीय चित्रपटांत हा प्रकार स्वतंत्रपणे फारसा रुजला नाही. क्रिश ३ (२०१३) या हिंदी चित्रपटात मानव व पशू यांच्या डीएनएच्या संकरातून घडविलेली पात्रे आहेत, परंतु त्याची प्रकृती साहसकथेची आहे. नरसिंह, हयग्रीव, गणेश अशी पशू व मानव यांची संमिश्र रूपे भारतीय परंपरेत पूज्य आहेत. त्यामुळे केवळ मिश्र देह हा येथे भयाचा विषय होत नाही. दिलेल्या सामर्थ्याने दात्यावरच उलटणाऱ्या भस्मासुराची कथा मात्र या चित्रपटांच्या आशयाला जवळची आहे. दादासाहेब फाळके यांनी १९१३ मध्येच मोहिनी भस्मासूर हा चित्रपट काढला होता. त्या कथेत दोष विद्येचा नसून पात्रापात्रविचार न करता ती देण्याचा आहे, आणि या चित्रपटप्रकारातील उत्तम कृतींचेही तात्पर्य हेच आहे.