न सांडणारा गारवा

"मावशी, यांचं छप्पर उघडंय आणि यांनी एसी लावलाय! वेडे आहेत का हे लोक?"

आमच्या खालच्या मजल्यावरची सहावीतली मैत्रीण मोबाइल नाचवत घरात शिरली. तिचा मामा कतारमध्ये बांधकामावर नोकरीला आहे. सप्टेंबर नुकताच लागला होता आणि सुट्टीच्या दिवशी फुटबॉलची मॅच बघायला गेलेल्या मामाने तिथून व्हिडिओ पाठवला होता. हिरवंगार मैदान, भोवती खुर्च्यांच्या रांगाच रांगा आणि वर छपराला मधोमध भलंमोठं भोक. त्यातून आभाळ दिसतंय आणि मामा सांगतोय, "बाहेर नुसती भट्टी आहे गं, पण इथे पायांना गार लागतंय!"

तिचा राग अगदी रास्त होता. एसी चालू असताना खिडकी जरा किलकिली राहिली तरी तिची आई ओरडते, 'अख्ख्या गल्लीला गार करायचंय का?' इथे तर सगळं आभाळच उघडं!

मी म्हटलं, "मामाने बोलता बोलता गुपित फोडलंय. कोणत्या शब्दात, सांग."

"गार?"

"अंहं. *पायांना.*"

शिडाचं स्टेडियम

गुपितात शिरण्याआधी जागा नीट बघून घेऊ. कतार हा अरबस्तानाच्या किनाऱ्यावरचा चिमुकला देश. त्याच्या दोहा या राजधानीच्या दक्षिणेला वीसेक किलोमीटरवर अल वक्रा नावाचं गाव आहे. तिथे हे स्टेडियम उभं आहे. नाव अल जनूब, म्हणजे 'दक्षिण'.

पूर्वी हे गाव मासेमारी करायचं आणि समुद्रातून मोती काढायचं. पाणबुडे नाकाला चिमटा लावून आणि पायाला दगड बांधून तळाशी उतरायचे. दोर ओढून त्यांना वर घेणारा गडी होडीवर बसलेला असायचा. होडीच्या कप्तानाला तिकडे म्हणतात नोखदा. आपल्या कोळीवाड्यातला नाखवा आठवला का? दोन्ही शब्द एकाच फारसी शब्दाची लेकरं आहेत, नाखुदा. शब्द काही उगाच प्रवास करत नाहीत. आखातातल्या शिडाच्या होड्या बांधायला सागवान जायचं आपल्या मलबार किनाऱ्यावरून आणि तिथले मोती विकायला यायचे मुंबईच्या बाजारात!

पुढे जपानमध्ये शेतात पीक काढावं तसे मोती पिकवता येऊ लागले आणि पाणबुड्यांचा धंदा बसला. मग वाळूखाली तेल सापडलं आणि देशाचं रूपच पालटलं. पण गाव होड्यांना विसरलं नाही. म्हणून झाहा हदीद या जगप्रसिद्ध वास्तुरचनाकार बाईंनी स्टेडियमचं छप्पर रेखाटलं ते वाऱ्याने फुगलेल्या शिडांसारखं. आत बसून वर पाहिलं तर छपराच्या तुळया होडीच्या फासळ्यांसारख्या दिसतात. जणू उपडी होडी डोक्यावर धरलीय! झाहाबाई मूळच्या इराकमधल्या बगदादच्या. त्या २०१६ मध्ये वारल्या. १६ मे २०१९ ला इथे पहिली मॅच झाली, ती त्यांना बघता आली नाही.

हवेला तराजूत घाला

आता गुपित. मी मैत्रिणीला विचारलं, "आइसक्रीमच्या दुकानातल्या मोठ्या फ्रीझरला दार कुठे असतं?"

"वर. काचेचं, सरकवायचं."

"दुकानदार ते पुन्हा पुन्हा उघडतो, कधी कधी उघडंच विसरतो. तरी कुल्फी का वितळत नाही?"

ती गप्प. तुम्हीही गप्प? मग हवेचं वजन करू या. हो, हवेलाही वजन असतं! एक मीटर लांब, एक मीटर रुंद आणि एक मीटर उंच असं खोकं डोळ्यांपुढे आणा. २० अंश सेल्सिअसला त्यात मावणारी हवा भरते सुमारे १ किलो २०० ग्रॅम. तीच हवा ४० अंशांपर्यंत तापवली की तिचे कण जोरात धावायला लागतात, एकमेकांपासून लांब सरकतात, आणि त्याच खोक्यात कमी कण मावतात. वजन उतरतं सुमारे १ किलो १३० ग्रॅमवर. फरक किती? ७० ग्रॅम. एका छोट्या कांद्याएवढा.

एवढासा कांदा, पण त्याच्यावरच सगळा खेळ आहे. गार हवा जड, म्हणून ती खाली बसते. गरम हवा हलकी, म्हणून ती वर तरंगते. आइसक्रीमचा फ्रीझर म्हणजे गार हवेने भरलेली बादली. झाकण उघडलं म्हणून बादलीतलं पाणी उडून जातं का? नाही. तशीच गार हवाही तळाशी पडून राहते. घरातल्या उभ्या फ्रीजचं दार मात्र बाजूला उघडतं. तिथे गार हवा पाण्यासारखी खाली सांडते आणि पहिल्यांदा आपल्या पायांच्या बोटांना लागते.

आणि स्टेडियम? तो एक अवाढव्य वाडगाच तर आहे! चहूकडून उतरत्या पायऱ्या आणि तळाला मैदान. त्या वाडग्यात गारवा ओतला की तो तळाशी बसून राहतो.

आभाळ नको, माणूस गार करा

ही करामत डोक्यात आली कतार विद्यापीठातले प्राध्यापक डॉ. सौद अब्दुल घनी यांच्या. लोक त्यांना लाडाने 'डॉक्टर कूल' म्हणतात. त्यांचं म्हणणं साधं होतं: सगळं स्टेडियम गार करायचंच कशाला? माणसं जिथे आहेत तेवढंच करायचं. जमिनीपासून साधारण दोन मीटर उंचीपर्यंत. त्याच्या वर फक्त कावळे आणि हुकलेले गोल!

म्हणून इथे प्रत्येक खुर्चीच्या पायथ्याशी बारीक भोकं आहेत. त्यातून गार हवा अगदी हळू बाहेर येते. पंख्यासारखा झोत नाही, नुसती झुळूक. तीच मामाच्या पायांना लागली. मैदानाच्या कडेला मोठी गोल तोंडं आहेत, ती खेळाडूंकडे गार हवा सोडतात. ही हवा गार होते ती पाण्यामुळे. पाणी आधी यंत्रात गार करून नळांतून आणतात आणि त्या गार नळांवरून हवा फिरवतात.

पुढची युक्ती आणखी चतुर आहे. वापरलेली हवा पूर्ण तापायच्या आत पुन्हा खेचून घ्यायची, गाळायची, गार करायची आणि परत सोडायची. ४२ अंशांची हवा गार करण्यापेक्षा २६ अंशांची हवा गार करणं कितीतरी स्वस्त. तुमची आई कालच्या वरणाला नवी फोडणी देते, त्यातलाच हा प्रकार.

शत्रू क्रमांक एक: वारा

वाडग्यातला गारवा न सांडता टिकवायचा तर मोठा धोका कोणाचा? उन्हाचा? त्याहून जास्त वाऱ्याचा. बाहेरचा तापलेला वारा आत घुसला तर गरम चहात चमचा फिरवावा तसं सगळं ढवळून काढेल. म्हणून अशा स्टेडियमची छोटी मॉडेल्स पवनबोगद्यात ठेवून त्यांच्यावर वारा सोडून बघतात. छपराचा उतार, कडेची वळणं आणि भोकाचा आकार असा ठरवतात की वारा वरच्या वर निसटून जावा. म्हणजे शिडाचं ते छप्पर नुसतं शोभेचं नाही. खरं शीड वारा पकडतं, हे शीड वाऱ्याला चकवतं!

"पण मग ते भोक बंदच का नाही करत?" मैत्रिणीने पेच टाकला.

छप्पर सरकवून बंद करता येतं. पण कायमचं बंद केलं तर एक जण रुसेल: मैदानावरचं गवत. त्याला रोज ऊन हवं. माणसांना सावली हवी आणि गवताला ऊन, म्हणून भोक ठेवायचं. ज्या कोपऱ्यात सावली जास्त पडते, तिथल्या गवतावर अशा मैदानांत मोठाले दिवे लावून ठेवतात.

साधा कूलर का नाही चालत?

नागपूर-अकोल्याकडचे वाचक एव्हाना म्हणत असतील, 'एवढी यंत्रं कशाला? चार मोठे कूलर ठेवा.' तुमच्याकडे ते चालेल, कारण तुमचा उन्हाळा कोरडा. कूलरमधलं पाणी वाफ होऊन उडतं आणि उडताना हवेतली उष्णता घेऊन जातं. माठातलं पाणीही असंच गार होतं. पण मुंबई-रत्नागिरीत मे महिन्यात कूलर लावा, नुसती चिकचिक वाढते. हवेत आधीच इतकी वाफ असते की नवीन वाफेला जागाच नाही. दोहा आणि अल वक्रा समुद्राकाठीच. तिथेही उन्हाळ्यात बऱ्याचदा हेच होतं.

आपलं अंग म्हणजेही एक माठ. एक लिटर घाम वाळून गेला तर तो अंगातली इतकी उष्णता नेतो की तेवढ्यात सात लिटर गार पाणी उकळायला लागेल! पण दमट हवेत घाम वाळत नाही, नुसता गळतो. अंग तापतच राहतं. म्हणूनच फुटबॉलचा २०२२ चा विश्वचषक नेहमीसारखा जून-जुलैत न घेता नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये घेतला. त्याच्या आठपैकी सात स्टेडियममध्ये हा गारवा होता. आठवं बांधलं होतं ९७४ जुन्या मालवाहू कंटेनरचा वापर करून. (कतारला फोन लावायचा क्रमांकही +९७४!) ते समुद्राच्या अगदी काठाशी, त्यामुळे तिथे भिस्त खाऱ्या वाऱ्यावर आणि मॅचेस संध्याकाळनंतरच.

अल जनूबमध्ये विश्वचषकाच्या सात मॅचेस झाल्या. शेवटची होती जपान आणि क्रोएशियाची. १–१ अशी बरोबरी झाली आणि मग पेनल्टीवर क्रोएशियाच्या गोलकीपरने तीन फटके अडवले. जपानी खेळाडूंच्या डोळ्यांत पाणी आलं. तेही वाळायला वेळ लागला असेल.

पाहुणे गेले, गाव राहिलं

विश्वचषक महिनाभराचा. नंतर एवढ्या मोठ्या वाडग्याचं करायचं काय? अल जनूबचं बरं आहे, त्याला घरचा संघ आहे. अल वक्रा क्लब १९५९ पासूनचा. खेळाडूंचे कपडे निळे आणि चाहते संघाला म्हणतात 'निळ्या लाटा'. मोत्यांच्या गावाला हेच नाव शोभतं, नाही का? विश्वचषकात इथे ४०,००० हून जास्त लोक बसू शकत होते. गावाच्या क्लबला एवढ्या खुर्च्या काय करायच्या? म्हणून नंतर निम्म्या काढून गरजू देशांना द्यायच्या, अशी योजना आधीच आखली होती. स्टेडियमभोवती बाग आहे, पळायला आणि सायकल फिरवायला वाटा आहेत. ऊन उतरलं की घरची मंडळी मुलांना घेऊन तिथे बाहेर पडतात.

एक गोष्ट मात्र सांगायलाच हवी. गारवा फुकट येत नाही. कतारची बहुतेक वीज नैसर्गिक वायू जाळून होते, आणि वायू जाळला की पृथ्वी आणखी तापते. २०२२ मध्ये तिथे ८०० मेगावॉटचा सौर प्रकल्प सुरू झाला. वाळवंटात ऊन भरपूर, त्यालाच कामाला लावायचं.

आणि दुसरी गोष्ट. हा वाडगा घडवला कोणी? भारत, नेपाळ, बांगलादेशातून आलेल्या हजारो कामगारांनी. ते काम करत होते तेव्हा खुर्च्याच नव्हत्या, मग खुर्चीखालची झुळूक कुठली! त्या उन्हाने कित्येकांचे हाल झाले. जगभरातून टीका झाली. २०२१ पासून तिथे नियम कडक झाला: १ जून ते १५ सप्टेंबर, सकाळी १० ते दुपारी ३.३० या वेळात उघड्यावर काम बंद. शिवाय एक खास मापन आलं. साधा तापमापक, ओल्या फडक्यात गुंडाळलेला तापमापक आणि काळ्या गोळ्यातला तापमापक, तिघांचा मिळून एक आकडा काढतात. ओलं फडकं सांगतं घाम वाळेल की नाही, काळा गोळा सांगतो ऊन किती भाजतंय. हा आकडा ३२.१ च्या वर गेला की वर्षातल्या कोणत्याही दिवशी काम थांबवायचं.

करून पाहा

मोठ्या माणसाला सोबत घ्या. घरातला पंखा बंद करा. उदबत्ती पेटवून फ्रीजपासून हातभर लांब धरा आणि मोठ्यांना फ्रीजचं दार उघडायला सांगा. धूर एरवी वर जातो. आता दाराच्या खालच्या कडेशी तो कुठे वळतो ते बघा. नंतर दाराच्या वरच्या कडेशी बघा. वहीत दोन बाणांनी चित्र काढा. आणि फ्रीज लगेच बंद करा, नाहीतर आईचा आकडा ३२.१ च्या वर जाईल!

आमच्या मैत्रिणीने प्रयोग तिथल्या तिथे केला. धूर लोळत लोळत तिच्या पायांकडे गेला, तशी ती खूश झाली. मग एकदम गप्प होऊन म्हणाली, "मावशी, मामाला गारवा मिळतो तो फक्त मॅचच्या दिवशी ना?"

मी मान हलवली. तिने फोन उचलला आणि मामाला बोलून निरोप पाठवला: "मामा, व्हिडिओ भारी आहे. पण पंधरा तारखेपर्यंत दहा ते साडेतीन उन्हात काम करायचं नाही, नियम आहे. आणि ते ओलं फडकं काय म्हणतंय, ते रोज बघत जा!"